दुय्यम भूमिकांचे मोठेपण

१९६१ साली इंग्लंडमध्ये ‘मर्डर शी सेड’ नावाचा एक चित्रपट पडद्यावर आला. ॲगाथा ख्रिस्ती यांच्या ‘४.५० फ्रॉम पॅडिंग्टन’ या कादंबरीवर तो आधारलेला होता. गुन्ह्यांचा उलगडा करणाऱ्या मिस मार्पल या वृद्ध कुमारिकेची भूमिका मार्गारेट रदरफर्ड या नामांकित अभिनेत्रीने केली होती आणि सारा चित्रपट तिच्याभोवतीच फिरत होता. खुनाचा माग काढण्यासाठी मिस मार्पल ज्या वाड्यात नोकरीला राहते, त्या वाड्यात घरकामाला येणारी मिसेस किडर नावाची एक बाई या चित्रपटात आहे. तिच्या वाट्याला मोजके प्रसंग आले आहेत. ते संपले की ती प्रेक्षकाच्या मनातून निघूनही जाते. ही मिसेस किडर ज्यांनी उभी केली, त्यांचे नाव जोन हिक्सन. पुढे सव्वीस वर्षांनी, १९८७ मध्ये, बीबीसीने हीच कादंबरी दूरचित्रवाणीवर आणली, तेव्हा मिस मार्पलच्या भूमिकेत हिक्सनबाई होत्या आणि त्यांच्या वयाने ऐंशीची मर्यादा ओलांडली होती.

ही हकिकत सांगताना तिला उशिरा मिळालेल्या न्यायाची कथा बनविण्याचा मोह कोणालाही होईल. पन्नास वर्षे उपेक्षा, मग अकस्मात कीर्ती, आणि अखेर गुणांची कदर, असा तिचा साचा तयारच असतो. असल्या कथा आपल्याला आवडतात, कारण त्या आपल्याला दिलासा देतात. परंतु हिक्सनबाईंच्या आयुष्याकडे जरा बारकाईने पाहिले तर हा साचा अपुरा वाटू लागतो. त्यांची पहिली पन्नास वर्षे ही कशाची तरी प्रतीक्षा होती, असे मानणे त्या वर्षांवर अन्याय करणारे आहे. त्या काळात त्यांनी जे काम केले ते स्वतःच्या जागी पूर्ण होते, आणि उत्तरायुष्यात जे वाखाणले गेले ते त्याच कामाचे फळ होते.

जोन हिक्सन यांचा जन्म ५ ऑगस्ट १९०६ रोजी नॉर्दॅम्प्टनच्या किंग्जथॉर्प भागात झाला. नॉर्दॅम्प्टन हे पादत्राणांच्या धंद्यासाठी प्रसिद्ध असलेले गाव, आणि त्यांचे वडील बुटांचे कारखानदार होते. घर सुस्थितीतले, मध्यमवर्गीय. डॉर्सेटमधील स्वानेज येथे निवासी शाळेत त्यांचे शिक्षण झाले. पुढे लंडनच्या रॉयल अकॅडमी ऑफ ड्रॅमॅटिक आर्ट या संस्थेत त्यांनी अभिनयाचे धडे घेतले आणि १९२७ साली व्यावसायिक रंगभूमीवर पहिले पाऊल टाकले. योगायोग असा की, मिस मार्पल ही व्यक्तिरेखादेखील त्याच वर्षाच्या डिसेंबरमध्ये एका लघुकथेतून प्रथम वाचकांसमोर आली. लेखिकेच्या कल्पनेतील ती वृद्धा आणि रंगभूमीवर नुकतीच उतरलेली ती एकवीस वर्षांची तरुणी एकाच वर्षी आपापल्या वाटेने निघाल्या. त्यांची गाठ पडायला सत्तावन्न वर्षे जावी लागली.

त्या काळातील इंग्लिश रंगभूमीची रचना समजून घेतल्याशिवाय या अभिनेत्रीची जडणघडण ध्यानात येणार नाही. लंडनबाहेर गावोगावच्या नाट्यगृहांतून कायम स्वरूपाच्या मंडळ्या असत. अनेक ठिकाणी दर आठवड्याला नाटक बदले. रात्री एका नाटकाचा प्रयोग आणि दिवसा पुढच्या नाटकाची तालीम, असा क्रम वर्षभर चाले. एकाच नटीला या आठवड्यात मोलकरीण, पुढच्या आठवड्यात सरदारीण आणि त्यापुढच्या आठवड्यात शेजारची भांडखोर म्हातारी व्हावे लागे. भूमिकेवर महिनोन्‌महिने चिंतन करण्याची चैन तेथे नव्हती. चालणे, बोलणे, टोपी घालण्याची ढब, चहाचा पेला धरण्याची रीत एवढ्या सामग्रीतून माणूस उभा करायचा आणि आठवड्याअखेरीस तो विसरून जायचा, ही तेथली शिस्त. या शिस्तीतून तयार झालेल्या नटनट्यांच्या कित्येक पिढ्यांवर इंग्लिश चित्रपटसृष्टी आणि पुढे दूरचित्रवाणी उभी राहिली.

रूपवान नायिका म्हणून आपले नाव होणार नाही, हे हिक्सनबाईंच्या वाट्याला आलेल्या भूमिकांवरून लवकरच स्पष्ट झाले असावे. विनोदी आणि विक्षिप्त स्त्रियांच्या भूमिकांसाठी त्या ओळखल्या जाऊ लागल्या. फिलिप किंग यांचे ‘सी हाउ दे रन’ हे प्रहसन १९४५ मध्ये लंडनच्या कॉमेडी थिएटरमध्ये आले, तेव्हा त्यातील आयडा ही लंडनच्या कामकरी वस्तीची बोली बोलणारी मोलकरीण त्यांनी केली होती. कारखानदाराच्या घरात वाढलेल्या स्त्रीने कामकरी वर्गाची बोली इतक्या सहजतेने उचलावी, यात नुसती नक्कल नाही. इंग्लंडसारख्या वर्गभेदाने चिरलेल्या समाजात माणसाने तोंड उघडताच त्याची पायरी कळते. दुय्यम भूमिका करणाऱ्या नटाला ही पायरी पहिल्याच वाक्यात दाखवावी लागते, कारण दुसरे वाक्य मिळेलच याची शाश्वती नसते.

चित्रपटात त्यांचा प्रवेश १९३४ साली झाला. त्यानंतरच्या त्यांच्या कामांची यादी वाचू लागले की दोन-तीन पिढ्यांचा इंग्लिश चित्रपट डोळ्यांसमोरून जातो. १९४८ च्या ‘द गिनी पिग’ या रॉय बोल्टिंग यांच्या चित्रपटात उच्चभ्रूंच्या शाळेत दाखल झालेल्या सामान्य घरातील मुलाची त्या आई झाल्या. मुलगा झाला होता रिचर्ड ॲटनबरो. १९५० च्या ‘सेव्हन डेज टू नून’ मध्ये लंडन उद्ध्वस्त करण्याची धमकी देऊन बाँबसह दडून बसलेला शास्त्रज्ञ ज्या घरी खोली घेतो, त्या घराची मालकीण त्यांनी केली. ‘कॅरी ऑन’ या नावाने निघालेल्या लोकप्रिय विनोदी चित्रपटमालेत १९५९ पासून १९७३ पर्यंत त्या पाच वेळा दिसल्या; कधी रुग्णालयातील करारी सिस्टर, तर कधी मद्याच्या अमलाखाली पोलिसचौकीत वारंवार येणारी कुलीन बाई. १९६३ पासून चाललेल्या ‘अवर मॅन ॲट सेंट मार्क्स’ या दूरचित्रवाणी मालिकेत पाद्र्याच्या घरची व्यवस्था पाहणारी मिसेस पीस त्यांनीच रंगविली.

ही नामावळी वाचून एखादा म्हणेल, यात वेगळे ते काय? आई, घरमालकीण, परिचारिका, कारभारीण. चित्रपटाच्या कथेला लागणारी ही सारी उपकरणे आहेत. हे खरे आहे, आणि या कामाचे मर्मही यातच आहे. नायक-नायिकेची सुखदुःखे ज्या जगात घडतात ते जग खरे वाटले नाही तर त्या सुखदुःखांनाही अर्थ उरत नाही. ते जग खरे करण्याचे काम घरमालकीण आणि परिचारिका करतात. शास्त्रज्ञाच्या भीतीने लंडन ओस पडते, हे ‘सेव्हन डेज टू नून’ मध्ये आपल्याला पटते, त्याचे एक कारण भाडेकरूच्या रात्रभर चाललेल्या येरझाऱ्या ऐकून संशयाने पछाडलेली ती घरमालकीण आहे. तिला जगाच्या संहाराची कल्पना नाही. तिची भीती तिच्या घराएवढीच आहे. परंतु तिच्या त्या आटोपशीर भीतीमुळे मोठी भीती प्रेक्षकाच्या हाताशी येते. अशा भूमिकेत नटाला दुहेरी कसरत करावी लागते. क्षणार्धात नजरेत भरायचे आणि दुसऱ्या क्षणी नजरेतून उतरून प्रमुख पात्राला वाट मोकळी करून द्यायची. पहिले अनेकांना साधते. दुसरे साधण्यासाठी स्वतःच्या कलेवर आणि अहंकारावर ताबा लागतो.

हिक्सनबाईंचे खासगी जीवन गाजावाजा नसलेले होते. १९३२ मध्ये डॉ. एरिक बटलर या वैद्यकीय व्यावसायिकाशी त्यांचा विवाह झाला. त्यांना दोन अपत्ये झाली. १९५८ पासून एसेक्समध्ये कोन नदीच्या काठी वसलेल्या विव्हन्हो या लहानशा गावात त्यांचे वास्तव्य होते आणि पुढील चाळीस वर्षे, म्हणजे अखेरपर्यंत, त्यांनी ते गाव सोडले नाही. १९६७ साली पती निवर्तले. त्याच वर्षी पीटर निकल्स यांचे ‘अ डे इन द डेथ ऑफ जो एग’ हे नाटक रंगभूमीवर आले. मतिमंद आणि पूर्णपणे परावलंबी अशा मुलीला सांभाळणाऱ्या दांपत्याचे हे नाटक विनोदाच्या अंगाने जाऊन प्रेक्षकाला हादरवून सोडते. त्यातील नायकाची आई ग्रेस ही हिक्सनबाईंची भूमिका. उत्तरार्धात येणारी ही सासू प्रेमळ आहे आणि तितकीच असह्य आहे. तिच्या भाबड्या बोलण्यातून त्या घरातल्या किती जखमा उघड्या पडतात, याचा तिला पत्ता नसतो. हीच भूमिका त्यांनी पुढे न्यूयॉर्कच्या रंगभूमीवर आणि १९७२ च्या चित्रपटातही केली.

ॲलन एकबर्न यांच्या ‘बेडरूम फार्स’ या नाटकात १९७७ साली नॅशनल थिएटरच्या रंगमंचावर त्या आल्या, तेव्हा सत्तरी उलटली होती. तीन शयनगृहे एकाच वेळी रंगमंचावर दाखविणारे हे नाटक. दोन शयनगृहांत तरुण जोडप्यांचे कलह चालू असतात आणि तिसऱ्यात अर्नेस्ट आणि डेलिया हे वृद्ध दांपत्य पलंगावर बसून टोस्ट आणि डब्यातले मासे खात असते. मायकेल गॉफ आणि जोन हिक्सन यांनी हे दांपत्य असे रंगविले की, नाटक १९७९ मध्ये न्यूयॉर्कला गेले तेव्हा साहाय्यक भूमिकांसाठीची टोनी पारितोषिके या दोघांनाच मिळाली. म्हणजे मिस मार्पल होण्याच्या पाच वर्षे आधी अमेरिकन रंगभूमीचा एक मोठा सन्मान त्यांच्याकडे आलेला होता. व्यवसायातील जाणकारांना त्यांची योग्यता ठाऊक होती. ठाऊक नव्हती ती जनसामान्यांना.

आता मिस मार्पलकडे वळले पाहिजे. ख्रिस्ती यांच्या कथांशी हिक्सनबाईंचा संबंध जुना होता. १९३७ च्या ‘लव्ह फ्रॉम अ स्ट्रेंजर’ या ख्रिस्तींच्या कथेवरील चित्रपटात त्यांनी एक लहान भूमिका केली होती. पुढे १९४० नंतरच्या दशकात ख्रिस्ती यांच्या ‘अपॉइंटमेंट विथ डेथ’ या नाटकात त्या काम करीत असताना खुद्द लेखिकेने त्यांना चिठ्ठी पाठवून, आपली लाडकी मिस मार्पल त्यांनी कधी काळी साकार करावी, अशी इच्छा व्यक्त केली. हिक्सनबाई तेव्हा चाळिशीच्या आसपास होत्या आणि मिस मार्पल ही पांढऱ्या केसांची वृद्धा. लेखिकेच्या नजरेने त्यांच्यात काय हेरले असेल, याचा तर्कच करावा लागतो. कदाचित बोलण्यापेक्षा ऐकण्याची कला अवगत असलेली नटी तिने ओळखली असेल. ही इच्छा फळाला आलेली पाहणे मात्र लेखिकेच्या नशिबी नव्हते. १२ जानेवारी १९७६ रोजी ख्रिस्ती यांचे निधन झाले.

मधल्या काळात मिस मार्पल पडद्यावर आली ती निराळ्याच रूपात. मार्गारेट रदरफर्ड यांनी १९६१ ते १९६४ या काळात चार चित्रपट केले. त्या थोर विनोदी अभिनेत्री होत्या यात शंका नाही आणि ख्रिस्ती यांनी एक कादंबरी त्यांना अर्पणही केली. पण त्या चित्रपटांविषयी लेखिका समाधानी नव्हती. पुस्तकातील शांत, विणकाम करणारी, बाजूला बसून माणसे न्याहाळणारी वृद्धा तेथे धावपळ करणारी, भरभक्कम, हास्यकारक बाई झाली होती. १९८० मध्ये पन्नाशीतल्या अँजेला लॅन्सबरी यांना रंगभूषेने वृद्ध करून एक चित्रपट निघाला. त्यातही नामवंत तारे-तारकांचा मेळावाच अधिक लक्षात राहिला.

बीबीसीने ख्रिस्तींच्या वारसांची संमती मिळवून ही कथामाला हाती घेतली आणि तिच्यासाठी हिक्सनबाईंची निवड केली. ‘द बॉडी इन द लायब्ररी’ ही पहिली कथा २६ डिसेंबर १९८४ रोजी प्रक्षेपित होऊ लागली. अभिनेत्रीचे वय होते ७८. तेव्हापासून १९९२ च्या नाताळापर्यंत मिस मार्पलच्या सर्व १२ कादंबऱ्या त्यांनी पूर्ण केल्या. शेवटच्या कथेच्या वेळी त्या ८६ वर्षांच्या होत्या. मधल्या एका कथेसाठी त्या वेस्ट इंडीजमधील बार्बेडोस बेटापर्यंत जाऊन आल्या. उतारवयात इतके सलग आणि इतके जबाबदारीचे काम पेलणे ही केवळ शरीरप्रकृतीची देणगी म्हणता येणार नाही. रंगभूमीच्या जुन्या शिस्तीचा तो वारसा होता.

त्यांच्या मिस मार्पलमध्ये असे काय होते? या प्रश्नाचे उत्तर विलक्षण साधे आहे. त्यांनी काही केले नाही. हॅम्पशरमधील नेदर वॉलप या गावाला कथेतील सेंट मेरी मीड बनविण्यात आले होते. तेथील रस्त्याने जाड कापडाचा कोट, साधी टोपी आणि हातातली पिशवी घेऊन ही कृश वृद्धा चालू लागली की कोणाचेही तिच्याकडे लक्ष जाऊ नये, असे तिचे चालणे असे. इन्स्पेक्टर स्लॅकसारखा उतावीळ पोलीस अधिकारी तिला लुडबुड करणारी म्हातारी समजे. खोलीत संभाषण चाललेले असे. ती कोपऱ्यात बसलेली असे. आणि एखाद्या शब्दापाशी तिचे ते फिकट निळे डोळे किंचित स्थिरावत. तेवढ्याने प्रेक्षकाला कळे की धागा सापडला. खुनाचा उलगडा होताना तिच्या चेहऱ्यावर विजयाचा आनंद नसे. माणसाच्या ठायी असलेल्या दुष्टपणाची तिला पुरती ओळख होती आणि त्या ओळखीचा भार तिच्या नजरेत दिसे. इतर अभिनेत्रींनी मिस मार्पलला गमतीदार केले होते. हिक्सनबाईंनी तिला गंभीर केले.

येथेच या आयुष्याचा धागा जुळतो. मिस मार्पलचे सामर्थ्य कशात आहे? तिच्याकडे कोणी लक्ष देत नाही, यात आहे. गावातल्या मोलकरणी, पाद्री, दुकानदार, पोरसवदा मुली यांना ती जन्मभर पाहत आली आहे. मोठ्या गुन्ह्यातील माणूस तिला ओळखता येतो, कारण त्याच्यासारखा लहान माणूस तिने गावात कधीतरी पाहिलेला असतो. ज्या अभिनेत्रीने पन्नासहून अधिक वर्षे अशाच मोलकरणी, घरमालकिणी आणि सासवा उभ्या केल्या, कोपऱ्यात उभे राहून प्रमुख पात्रांचे बोलणे ऐकले, ऐकताना चेहरा कसा ठेवावा हे आत्मसात केले, तिला या भूमिकेसाठी वेगळी तयारी करण्याची गरज पडली नसावी. मिसेस किडर आणि मिस मार्पल एकमेकींपासून फार दूर नाहीत. वाड्यात कामाला येणाऱ्या बाईला त्या घराचे जेवढे कळते, तेवढे मालकाला कळत नाही, हे ख्रिस्तीबाईंच्या साऱ्या कथांमागचे सत्य आहे आणि हिक्सनबाईंनी ते दोन्ही बाजूंनी वठवून दाखविले.

तथापि यातून धीराचा उपदेश काढणे धोक्याचे आहे. वाट पाहा, निमूटपणे काम करा, एक दिवस तुमचेही नाव होईल, हा उपदेश मोठ्या भूमिका वाटणाऱ्यांच्या सोयीचा असतो. हिक्सनबाई पंचाहत्तराव्या वर्षी वारल्या असत्या तर चित्रपटांच्या अभ्यासकांपलीकडे त्यांचे नाव फारसे कोणी घेतले नसते, ही वस्तुस्थिती आहे. त्यांच्या पिढीतील कितीतरी गुणी अभिनेत्रींच्या बाबतीत नेमके असेच घडले. वय झालेल्या स्त्रीसाठी चित्रपटांत आणि नाटकांत सासू, मावशी आणि घरमालकीण यांपलीकडे जागा नसते. हिक्सनबाईंना ती जागा मिळाली, कारण एका स्त्री-लेखिकेने एका वृद्धेला कथेच्या केंद्रस्थानी बसविण्याचे धाडस त्यापूर्वी अर्धशतक केले होते. एकीचे दीर्घायुष्य आणि दुसरीची कल्पकता यांची गाठ पडली, म्हणून हे घडले. अशा गाठींवर समाजाने आपली न्यायबुद्धी सोपवून निश्चिंत राहू नये.

म्हणून या चरित्राकडे वेगळ्या दृष्टीने पाहावेसे वाटते. मिस मार्पलची कीर्ती ही हिक्सनबाईंच्या पूर्वायुष्याची भरपाई मानण्याऐवजी, त्या पूर्वायुष्याकडे पाहण्याची एक खिडकी मानावी. आज त्यांचे जुने चित्रपट पाहणारा प्रेक्षक कोपऱ्यातली ती परिचारिका किंवा ती आई पाहून थबकतो. मिस मार्पलमुळे त्याला ती दिसू लागलेली असते. पण ती तेथे आधीपासून होतीच, आणि तिचे काम तितकेच चोख होते. कचेरीत, शाळेत, रुग्णालयात ज्यांच्या नावाची पाटी दारावर लागत नाही आणि ज्यांच्या गैरहजेरीत मात्र सारा कारभार खोळंबतो, अशा माणसांना हे सांगण्याची गरज नाही. ज्यांच्या नावाच्या पाट्या लागतात त्यांनी हे ध्यानात घेतले तर बरे.

१९८७ मध्ये हिक्सनबाईंना ओबीई हा किताब मिळाला. राणी एलिझाबेथ स्वतः त्यांच्या मिस मार्पलवर खूष होत्या आणि पुस्तक वाचताना जशी कल्पना करावी तशीच ती पडद्यावर दिसते, अशा आशयाचे उद्गार त्यांनी किताब प्रदान करताना काढले. दूरचित्रवाणीवरील उत्कृष्ट अभिनेत्रीच्या बाफ्टा पारितोषिकासाठी दोनदा त्यांचे नाव विचारार्थ आले. या सन्मानांनी विव्हन्होमधील त्यांच्या दिनक्रमात मोठा पालट झाल्याचे दिसत नाही. १७ ऑक्टोबर १९९८ रोजी, वयाच्या ब्याण्णवाव्या वर्षी, कोल्चेस्टरच्या रुग्णालयात त्यांनी देह ठेवला.

डेव्हन परगण्यातील सिडबरी या खेड्याच्या दफनभूमीत त्यांना मूठमाती देण्यात आली. तेथील नोंदीत जोन बोगल बटलर असे त्यांचे नाव आहे. बोगल हे आईचे माहेरचे आडनाव आणि बटलर हे सासरचे. ज्या नावाने साऱ्या जगाने त्यांना ओळखले, ते हिक्सन हे नाव त्या नोंदीत नाही. मिस मार्पलच्या शोधात तेथे जाणाऱ्या चाहत्याला ती कबर शोधून काढावी लागते.